खजिना पुरे झाला

मराठीत टीनएज डिटेक्टिव्हची गोष्ट, त्यातही 'जुनं रहस्य' सोडवणारी, असं म्हटलं की पडद्यावर काय येणार हे आपल्याला आधीच ठाऊक असतं. मे महिन्याची सुट्टी. पुण्यामुंबईहून आलेली चार मुलं, त्यात एक चष्मेवाला, एक खादाड. आजोबांचा वाडा. माळ्यावर पेटी, पेटीत मोडीतला कागद, कागदावर अर्धा नकाशा. मग किल्ला, भुयार, वटवाघळं आणि शेवटी हंडा. गावातला एक माणूस संशयित, दुसरा वाटाड्या, तिसरा विनोदी. मुलं मोहरा प्रामाणिकपणे सरकारजमा करतात आणि कलेक्टर पाठ थोपटतो. (हा कलेक्टर मात्र कायद्याला धरून आहे. 1878 चा भारतीय निखात निधी कायदा सांगतो की दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीचं पुरलेलं धन सापडलं तर कलेक्टरला कळवायचं. दहा रुपये!)

कॉलेजच्या एकांकिका, शॉर्टफिल्म स्पर्धा, 'माझ्याकडे एक वेबसिरीजची आयडिया आहे' म्हणणारे मित्र, सगळीकडे थोड्याफार फरकाने हीच गोष्ट फिरत असते. माझं म्हणणं सरळ आहे. हा साचा मोडीत काढायला हवा, आणि निदान सातारा-सांगलीच्या मातीत तरी तो पुन्हा कुणी उभा करू नये. तो जुना झालाय ही तक्रार मी करत नाही, जुन्या गोष्टी मलाही आवडतात. तो खोटा आहे, आणि आमच्याकडे तो निरुपद्रवीही राहिलेला नाही, ही माझी तक्रार आहे.

आधी आपल्याकडे आहे काय ते बघू. 2017 साली साडेतीन महिन्यांच्या अंतराने दोन 'पोरसवदा डिटेक्टिव्ह' थिएटरात आले. जुलैत 'जग्गा जासूस', ऑक्टोबरात 'फास्टर फेणे'. 'जग्गा'ची सुरुवात 1995 च्या पुरुलिया शस्त्रकांडापासून होते. आकाशातून शस्त्रांची खोकी पडली होती, ती खरीखुरी घटना. म्हणजे जुनं रहस्य होतं आणि तेही सार्वजनिक आयुष्यातलं. शाळकरी जग्गा झाला होता चौतिशीचा रणबीर कपूर. 'फास्टर फेणे'मध्ये अमेय वाघ तिशीला टेकलेला. भा. रा. भागवतांचा बनेश फेणे हा फुरसुंगीचा शाळकरी पोरगा, सायकलवर सुसाट सुटणारा. सिनेमाने त्याला मेडिकलच्या प्रवेशपरीक्षेला बसणारा तरुण केला. मला तो सिनेमा आवडला होता, हे सांगून टाकतो. गिरीश कुलकर्णींचा अप्पा अजून आठवतो, आणि प्रवेशपरीक्षेतल्या घोटाळ्याचा धंदा त्या सिनेमाने दाखवल्यानंतर सात वर्षांनी, 2024 मध्ये, नीटच्या पेपरफुटीवरून देश पेटला. पण त्यात जुनं रहस्य नव्हतं, आणि पोरही नव्हतं. निर्मात्याला शाळकरी हिरोवर पैसे लावायची भीती वाटते, म्हणून पोराचं वय वाढवलं जातं. वय वाढवलं की गोष्टही बदलते. मोठ्या माणसाला कुणी 'तुला काय करायचंय' म्हणत नाही. पंधरा वर्षांच्या मुलीला सगळे तेच म्हणतात. टीनएज डिटेक्टिव्हच्या गोष्टीतली खरी अडचण तीच असते आणि खरी मजाही त्यातच असते.

भागवतांना हे कळलं होतं. त्यांचा हिरो शहरातून गावाकडे सुट्टीला येणारा नव्हता. तो गावातून पुण्याच्या शाळेत आलेला होता. 'प्रतापगडावर फास्टर फेणे' असं एक पुस्तकच आहे, म्हणजे सातारा जिल्ह्यात तो येऊन गेलाय. पुढच्या लोकांनी नेमकं उलटं केलं. डिटेक्टिव्ह शहरी, इंग्रजी मीडियमचा, आणि गाव म्हणजे त्याच्या हुशारीचा सेट.

सेटवरून आठवलं. वाईइतकं बिचारं गाव हिंदी सिनेमात दुसरं नसेल. 'गंगाजल'मध्ये ते बिहार झालं, 'स्वदेस'मध्ये मेणवलीचा घाट उत्तर प्रदेशातलं चरणपूर झाला, 'दबंग'मध्ये पुन्हा उत्तर प्रदेश, 'चेन्नई एक्सप्रेस'मध्ये थेट तामिळनाडू. कृष्णेच्या काठाने सगळ्या राज्यांच्या भूमिका केल्या, फक्त स्वतःची मिळाली नाही.

आता खजिन्याकडे. 'अरे, गंमत आहे, पोरांना मजा येते, एवढं काय मनावर घेतोस?' हे उत्तर मला नेहमी मिळतं. आणि ते अगदीच फालतू नाही. 'द गूनीज' हा 1985 चा अमेरिकन सिनेमा समुद्री चाच्याच्या खजिन्यावरच आहे आणि झकास आहे. बंगालीत 2018 पासून 'गुप्तधोनेर संधाने', 'दुर्गेशगोरेर गुप्तधोन', 'कर्णसुवर्णेर गुप्तधोन' अशी मालिकाच चालली. इतिहासाचा प्राध्यापक आणि त्याच्यासोबत दोन तरुण. लोकांनी डोक्यावर घेतली. मग मराठीतच नाक का मुरडायचं?

कारण आमच्याकडे 'गुप्तधन' हा शब्द सिनेमातला नाही. तो शेजारच्या गावातला आहे.

जून 2022. सांगली जिल्हा, मिरज तालुका, म्हैसाळ. दोन भावांच्या दोन घरांत मिळून एकाच कुटुंबातले नऊ जण मृतावस्थेत सापडले. आधी सगळ्यांनी धरून चाललं की सावकारीला कंटाळून सामूहिक आत्महत्या, आणि सावकारांवर गुन्हेही दाखल झाले. आठवड्याभरात पोलिसांनी सांगितलं की हा खून आहे. त्यांच्या म्हणण्याप्रमाणे गुप्तधन काढून देतो असं सांगणाऱ्या मांत्रिकाने कुटुंबाकडून पैसे घेतले होते, आणि पैशाचा तगादा लागल्यावर विष देऊन सगळ्यांना संपवलं. यातला कुणीही अडाणी, जंगलात राहणारा नव्हता. मृतांत एक शिक्षक होते, एक जनावरांचे डॉक्टर होते. ही बातमी आली तेव्हा आमच्या भागातल्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर दोन दिवस हळहळ होती, तिसऱ्या दिवशी पुन्हा कुठल्यातरी किल्ल्यावरच्या 'सात दरवाजांमागच्या खजिन्याचं' रील फिरू लागलं.

सिनेमा बघून कुणी खून करतं असं मी म्हणत नाही. पण सिनेमा बघून लोक खणतात, हे मात्र घडलेलं आहे. फेब्रुवारी 2025 मध्ये 'छावा' आला. त्यात बुऱ्हाणपूरची लूट दाखवली आहे. मार्चमध्ये बुऱ्हाणपूरजवळच्या असीरगडाखालच्या शेतांत माणसं रात्री टॉर्च, फावडी, मेटल डिटेक्टर घेऊन सोन्याची नाणी शोधायला लोटली. व्हिडिओ सगळ्यांनी पाहिले, आपण हसलो, पुढे सरकवले. तीन तासांचा इतिहासपट पाहून बाहेर पडलेल्या माणसाला कोणता प्रश्न पडला? हे का घडलं, कागदोपत्री काय आहे, हा नाही. 'सोनं कुठं पुरलंय' हा पडला. मला यात त्या माणसांपेक्षा आपल्या गोष्टींचा दोष जास्त दिसतो. जुन्या काळाकडे बघायची एकच रीत आपण त्यांना शिकवली आहे, फावडं.

आणि हे कुठल्या जिल्ह्यात बोलतोय? डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या साताऱ्यात. 20 ऑगस्ट 2013 ला पुण्यात त्यांना गोळ्या घातल्या. त्यानंतर राज्याने जो जादूटोणाविरोधी कायदा केला, त्याच्या अनुसूचीत गुप्तधनाच्या शोधापायी केलेली अघोरी कृत्यं गुन्हा म्हणून आहेत. म्हणजे आमच्या सिनेमातल्या पोरांचा जो रोमांच आहे, त्याच्या सावलीला उभ्या असलेल्या गोष्टीवर राज्याला कायदा करावा लागला, आणि तो मागणाऱ्या सातारकराचा आधी जीव गेला. मे 2024 मध्ये त्या खटल्याचा निकाल लागला. दोघांना जन्मठेप, तिघे निर्दोष. गोळ्या झाडणारे ठरले, झाडायला लावणारे कोण हे ठरलं नाही. आम्हाला म्हणे रहस्यकथा सुचत नाहीत.

साच्याच्या खोटेपणाचा मुद्दा राहिला. खजिन्याच्या गोष्टीत रहस्य म्हणजे वस्तू. ती कुठेतरी आहे, कुणालाच माहीत नाही, सापडली की संपलं. खरं जुनं रहस्य असं नसतंच. त्यात बऱ्याच लोकांना बरंच काही माहीत असतं, आणि ते न सांगण्यात कुणाचा तरी फायदा असतो. मी पोटासाठी कोड लिहितो. सिस्टिम कोसळली की आम्ही भुयारात उतरत नाही, लॉग वाचतो. कुठली ओळ कुणी, कधी, कुणाच्या सांगण्यावरून बदलली, हे बघतो. बहुतेक वेळा उत्तर सगळ्यांच्या समोरच पडलेलं असतं आणि कुणी बघितलेलं नसतं.

आता साताऱ्याचा लॉग उघडून बघा. छत्रपती प्रतापसिंह महाराज. 1839 साली ईस्ट इंडिया कंपनीने त्यांना गादीवरून उतरवलं आणि काशीला पाठवलं. आरोप काय? कंपनीच्या पलटणीतले देशी अधिकारी फितवले, गोव्याच्या पोर्तुगीजांशी संधान बांधलं, नागपूरच्या पदच्युत अप्पासाहेब भोसल्यांशी पत्रव्यवहार केला. पुरावा म्हणून पत्रं दाखवली गेली. महाराजांची बाजू सांगत राहिली की पत्रं बनावट आहेत, शिक्के खोटे आहेत. 1836 मध्ये कंपनीने गुप्त चौकशी केली. आपल्याविरुद्धचा पुरावा आपल्याला नीट दाखवलाच नाही, ही महाराजांची शेवटपर्यंत तक्रार होती. आणि यातला सगळ्यात सिनेमॅटिक क्षण तर कुणी बनवायचीही गरज नाही. मुंबईचा गव्हर्नर कारनॅक स्वतः साताऱ्यात आला आणि म्हणाला की कंपनीच्या अटींवर सही करा, झालं गेलं विसरू, गादी राहील. महाराजांनी सही केली नाही. न केलेल्या गुन्ह्याच्या कबुलीवर सही कशी करायची? 5 सप्टेंबर 1839 ला राज्य गेलं. 1847 मध्ये काशीतच ते वारले. पुढच्याच वर्षी डलहौसीने सातारा खालसा केला.

मग रंगो बापूजी गुप्ते. महाराजांचा वकील. हा माणूस बोटीत बसून लंडनला गेला आणि थोडीथोडकी नाही, जवळपास 14 वर्षं तिथं राहून कंपनीच्या भागधारकांसमोर, पार्लमेंटच्या सभासदांसमोर आपल्या राजाची केस लढत राहिला. इंग्रजी शिकला, सभांतून बोलला, जोसेफ ह्यूमसारखा खासदार बाजूने उभा केला. 1853 च्या सुमारास हात हलवत परत आला. आणि 1857 मध्ये साताऱ्यात उठावाचा कट उघडकीला आला, त्याच्या केंद्रस्थानी तोच. 8 सप्टेंबर 1857 ला साताऱ्याच्या गेंडामाळावर 17 जणांना मारलं. कुणाला फाशी, कुणाला तोफेच्या तोंडी, कुणाला गोळ्या. त्यात त्याचा मुलगा सीताराम होता. रंगो बापूजी मात्र सापडला नाही. कंपनी सरकार शोधत राहिलं. तो कुठे गेला, कुठे मेला, आजतागायत कुणी सांगू शकलेलं नाही.

हे वाचताना अंगावर काटा येत नसेल तर सोडा, तुमचं भुयार तुम्हाला लखलाभ. पत्रं कुणी लिहिली? खोटे शिक्के कुणी पाडले? प्रबोधनकार ठाकऱ्यांनी 1948 मध्ये 'प्रतापसिंह छत्रपती आणि रंगो बापूजी' हे जाडजूड पुस्तक लिहिलं, नावं घेतली, बाळाजीपंत नातूंवर सरळ बोट ठेवलं. ते बरोबर की प्रबोधनकारांच्या रागाचा भाग किती, हे तपासायला आज साताऱ्याच्या पोरीला लंडनला जावं लागत नाही. ईस्ट इंडिया हाऊसमधल्या त्या चर्चा तेव्हाच छापल्या गेल्या, आणि त्या काळची छापील कागदपत्रं आता स्कॅन होऊन तिच्या फोनवर उतरतात. तिला फक्त जुनं इंग्रजी आणि मोडी, दोन्ही थोडं थोडं सोसावं लागेल. चारभिंतीच्या स्मारकावर संध्याकाळी किती पोरं बसलेली असतात. कशाचं स्मारक आहे ते त्यातल्या किती जणांना कुणी सांगितलंय?

इथं दुसरा आक्षेप येतो, आणि तो पहिल्यापेक्षा गंभीर आहे. 'इतिहासाला हात लावू नकोस. भावना दुखावतात.' खरं आहे, दुखावतात. नातूंचं नाव घेतलं की एक बाजू, महाराजांवरचा आरोप खरा असू शकतो का असं नुसतं विचारलं की दुसरी बाजू. म्हणून आपण गेली काही वर्षं एकाच प्रकारचे इतिहासपट बघतोय. 'फर्जंद', 'फत्तेशिकस्त', 'पावनखिंड', 'शेर शिवराज', 'सुभेदार'. त्यांच्या मेहनतीबद्दल मला आदर आहे, 'पावनखिंड' मी घरच्यांबरोबर बघितला. पण त्यांत प्रश्न नसतो. उत्तर पहिल्या फ्रेमच्या आधी ठरलेलं असतं, आपण फक्त जयजयकाराला जातो. डिटेक्टिव्हची गोष्ट उलट्या दिशेने चालते. तिला पुतळा नको, साक्षीदार हवा. आणि साक्षीदार खोटंही बोलतो. दहावीतल्या मुलीने 'पण हे तुम्हाला कुणी सांगितलं?' असं विचारलं तर तो अपमान होत नाही, तो अभ्यास असतो. हे ज्यांना झेपत नाही त्यांच्या भावना सांभाळण्यात आणखी किती पिढ्यांना गप्प बसवायचं?

कागद शोधणारी मुलं ही काही माझ्या डोक्यातली कल्पना नाही. 2023 मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे समिती नेमली गेली आणि राज्यभर तहसील कचेऱ्यांतून कुणबी नोंदी शोधायचं काम सुरू झालं. एकाएकी मोडी वाचणाऱ्याला भाव आला. पणजोबांचं नाव, जन्ममृत्यूची नोंद, शाळेचा दाखला, फेरफार. आरक्षणाबद्दल तुमचं मत काहीही असो, त्या वर्षी महाराष्ट्रातल्या लाखो घरांत एकच प्रश्न विचारला गेला, आपण नेमके कोण होतो आणि ते कुठे लिहून ठेवलंय? यापेक्षा मोठी रहस्यकथा कुठली? त्यावर एकही टीनएज सिनेमा आला नाही.

सांगलीकडेही येतो, पण थोडक्यात, कारण तिथलं सामान इतकं आहे की त्याचा वेगळा लेख होईल. आणि तेव्हा तसेही हे जिल्हे दोन नव्हते. 1949 मध्ये दक्षिण सातारा वेगळा झाला, 1960 मध्ये त्याचं नाव सांगली पडलं. 7 जून 1943 ला शेणोलीजवळ पगाराची गाडी लुटणारे कुंडलचे तरुण, 24 जुलै 1943 ला सांगलीचा तुरुंग फोडून कृष्णेच्या पुराकडे धावलेले वसंतदादा आणि साथीदार. त्या पळापळीत अण्णासाहेब पत्रावळे आणि बाबुराव जाधव गेले, दादांना गोळी लागली. आणि नाना पाटलांची लेक हौसाताई. भवानीनगरच्या पोलीस ठाण्यासमोर नवरा-बायकोच्या भांडणाचं नाटक झालं, तिने भर रस्त्यात मार खाल्ला, पोलीस बघायला बाहेर आले, आणि तेवढ्यात साथीदारांनी आतली हत्यारं उचलली. वय सतराच्या आसपास. टीनएजर हिरोइन शोधताय ना?

पण मला प्रतिसरकारमधली शौर्यकथाही सिनेमात नको आहे. मला तिची दुसरी बाजू हवी. पत्री सरकार हे नाव ज्या शिक्षेवरून पडलं असं सांगतात, ती शिक्षा गावातल्या माणसांना दिली जायची. गावगुंडांना, पिळणाऱ्या सावकारांना, आणि पोलिसांच्या खबऱ्यांना. समजा, असं एक गाव आहे. समजा, 1944 मध्ये एकाला खबऱ्या म्हणून तळपायावर मार बसला, आणि तेव्हापासून त्याच्या घराला गावात एक नाव पडलं. जत्रेत, लग्नाच्या बोलणीत, ग्रामपंचायतीच्या निवडणुकीत ते नाव कुणी उघड घेत नाही आणि कुणी विसरतही नाही. त्याची पणती आता सोळा वर्षांची आहे. कराडला अकरावीला जाते. शाळेच्या स्वातंत्र्यदिनाच्या भाषणात ती हा इतिहास घडाघडा बोललेली आहे. आणि तिला विचारायचंय की आमचे पणजोबा खरंच खबरे होते का, की बांधाच्या भांडणात कुणीतरी नाव दिलं?

तिला मदत करायला कुणी नाही. भूमिगत चळवळीने कागद मागे ठेवू नयेत हेच शहाणपण होतं, त्यामुळे एका बाजूचे कागद नाहीत. दुसऱ्या बाजूचे कागद ब्रिटिश पोलिसांचे, त्यांवर विश्वास किती ठेवायचा? आणि तिसरी बाजू माणसं, ती निघून चालली आहेत. जी. डी. बापू लाड 2011 ला गेले, हौसाताई 2021 ला, कॅप्टन भाऊ 2022 ला. घरात आजी म्हणते, 'गप बस बाई, झालं गेलं.' वडील म्हणतात, बारावी कर आधी. गावातल्या मोठ्या घरच्या पोराला ती आवडते आणि तक्रार त्याच्याच पणजोबांनी केलेली असण्याची शक्यता आहे. उत्तर काय निघावं, मला ठरवायचं नाही. पणजोबा खरोखर खबरे निघाले तर तो सिनेमा मला जास्त आवडेल.

यात हंडा नाही, भुयार नाही, वटवाघूळ हवं तर ठेवा. बजेट म्हणाल तर एक एसटी, एक तहसील कचेरी, दोन घरं आणि एक फुटक्या स्क्रीनचा फोन. 'मुलांचे सिनेमे चालत नाहीत' म्हणणाऱ्यांनी 'एलिझाबेथ एकादशी'ची एक सायकल किती लांब गेली ते आठवावं. शूटिंगला वाई आहेच, यावेळी वाई म्हणूनच उभी करा, पाट्या बदलायचा खर्च वाचेल. कचेरीतल्या अभिलेख कक्षात ती पोरगी अर्ज घेऊन उभी आहे, आतला माणूस मान वर न करता 'जेवणाच्या सुट्टीनंतर या' म्हणतो, आणि ती बाहेरच्या बाकड्यावर बसून राहते, असा पहिला सीन घ्या. आणि कृपा करून तिचा रोल सोळा वर्षांच्याच मुलीला द्या.